अकरावा आवाज

युद्धात बांधलेल्या बराकी, विटांच्या, एकमजली;
खिडकीतून टेकडीवरच्या मेंढ्या दिसायच्या.
तिथं सरकारने आम्हाला पाच वर्षं दिली
आणि एक यंत्र,
ज्याला माणसाचं बोलणं कळायला हवं होतं.
बोलणं म्हणजे फार काही नाही,
शून्य ते नऊ, हो, नाही, थांब.
जपान पुढे चाललाय, असं लंडनहून येणाऱ्या
प्रत्येक कागदाच्या पहिल्या परिच्छेदात असे.

दहा आवाज होते. दहाही पुरुष,
सातांच्या गळ्यात एकाच कॉलेजचा टाय.
यंत्राला त्यांचं पटकन कळे,
साहेबाचं साहेबाला कळतं तसं.
मग डॉ. फेनिक म्हणाल्या, अकरावा हवा,
बाईचा, आणि इथल्या मातीतला.
मी कॅन्टीनमधून ड्युलसी प्रॉसरला घेऊन आलो.

ती ऍप्रनसकट आली.
मायक्रोफोनकडे वाकून म्हणाली, 'काय बाबा, बरं आहे ना?'
तिचा फाइव्ह लेमस्टरच्या बाजूचा,
सायडरच्या बागांतून चालत आलेला,
बुटांना चिखल तसाच: फॉइव्ह.
यंत्राने लिहिलं, ९.
ती पुन्हा म्हणाली. ९.
सावकाश म्हणाली, बहिऱ्याशी बोलावं तशी. ९.
'आमच्या आल्बनची जात,' ती म्हणाली.
'कान आहेत, पण आधी ठरवून बसलेले.'

अख्खा हिवाळा, दर मंगळवारी, भांडी झाल्यावर.
हीटर बंद, त्याची घरघर टेपवर येई म्हणून.
ती कोट घालून बसे,
दोनशे आकडे म्हणे, मध्ये एकदा पाणी पिई,
दीड पौंडाच्या पावतीवर तीन प्रतींत सही करी.
दुसऱ्या दिवशी जेवणाच्या रांगेत
डाव कस्टर्डच्या पातेल्यात धरून विचारी,
'कळला का त्याला माझा फॉइव्ह?'
'येतंय हळूहळू,' मी म्हणे.
येत नव्हतं.
शंभरातले चाळीस आकडे धड, त्यातही बरेचसे शून्य.

मार्चमध्ये समिती यायची होती.
मंत्रालयाला नव्वदच्या वर हवे होते.
अकरा जणांची सरासरी एकोणनव्वद.
डॉ. फेनिक खिडकीशी उभ्या राहिल्या, बराच वेळ,
मग कोट चढवून घरी गेल्या. काही बोलल्या नाहीत.
त्यांनी काही बोलायला हवं होतं,
असं मी पुढे कित्येक वर्षं स्वतःला सांगत आलो.
रात्री पावणेअकराला मी टाइप केलं,
तक्ता सहा, तळटीप, सगळ्यात बारीक अक्षरात:
अकराव्या वक्त्याचे निकाल सरासरीतून वगळले आहेत.
चौऱ्याण्णव झाले.
कुणी विचारलं नाही, अकरावा कोण.

पुढे पैसे तसेही आटले. सरकारं अशीच असतात,
उसाभर करतात आणि मळा सोडून जातात.
दहा आवाज एका कंपनीने नेले.
टेपा लोखंडी पेटाऱ्यातून गेल्या, कुठं ते माहीत नाही.
बराकींच्या जागी आता घरं झालीत,
दारात कचऱ्याचे तीन-तीन डबे.

मी किडरमिन्स्टरचा, गालिच्यांच्या गिरणीवाल्याचा पोर;
माझी बोली मी अठराव्या वर्षी
परीक्षेला जाताना बसमध्ये उतरवून ठेवली होती.
आता कवळी बसवल्यापासून ती परत आली आहे.
म्हातारपणी जीभ आपली आपण घरी जाते.
परवा गॅसच्या बिलासाठी फोन केला.
एक गोड आवाज म्हणाला, खाते क्रमांक सांगा.
माझ्या क्रमांकात तीन पाच आहेत.
समजलं नाही, तो म्हणाला, कृपया पुन्हा.
मी पुन्हा सांगितले.
स्वयंपाकघर गार होतं. मी कोट घालून उभा होतो.

समिती आली त्या दुपारी रांग लांब होती.
सूट, बिल्ले, मागे आम्ही.
ड्युलसीने मला पाहिलं, मान पुढे काढली.
'मग? कळला का?'
'कळला,' मी म्हणालो.
तिने माझ्या ताटलीत एक डाव जास्त घातला,
आणि मागच्या साहेबाला म्हणाली, 'पुढं सरका हं, पुढं.'